वजनकाटा

पूल उतरवायला आठ दिवस लागले.
बांधायला किती, ते कुणालाच माहीत नाही;
कंपनीच्या वह्या सातासमुद्रापार कसरीनं खाल्ल्या असतील.

मी काट्यावरचा कारकून.
ट्रक आला की आकडा लिहायचा:
तुळई, बावीस टन. कैची, नऊ.
रिव्हेट पोत्यांतून.

कटरवाला सिद्रामप्पा म्हणाला,
"हे लोखंड कापताना वास येतो बघा,
जुन्या तव्याचा."
हे कुठल्याच रकान्यात बसेना.

खालून मालगाडी गेली की
पूल कूस बदलल्यासारखा हलायचा,
आणि पाळीवरून परतणाऱ्या बाया
वाजणारे डबे पोटाशी धरून थांबायच्या.
नरसम्मा चिलका सांगते, चहा ओतता ओतता.
तिच्या तेलुगू वळणाच्या मराठीत
पूल नेहमी 'ती' असते.

शेवटच्या दिवशी पाटी निघाली.
ओतीव अक्षरं: कंपनी, तिचं गाव, साल.
रंगाचे थर इतके
की सालातला आकडा आठ म्हणा, शून्य म्हणा.
खरवडून बघू, म्हणालो.
"ऱ्हाऊ द्या," नरसम्मा म्हणाली,
"बाईमाणसाचं वय कशाला काढता?"

पाटी, अकरा किलो चारशे.
लिहिलं.
मग खोडलं.

आता ती साखर पेठेत आहे,
नरसम्माच्या लेकाच्या मागावर,
बीमच्या दोरीला वजन म्हणून टांगलेली.
टॉवेल विणला जातोय.
धोटा या काठावरून त्या काठाला,
त्या काठावरून या काठाला,
आणि पाटी थोडी थोडी हलते,
खालून काहीतरी जात असल्यासारखी.