दोन सेकंद उशिरा

डबे पुण्याहून एसटीनं यायचे,
पत्र्याचे, आठकोनी, सुतळीनं बांधलेले.
सांगली स्टँडवर हमाल विचारायचा,
"बाई, ह्यात काय, खवा?"
"जर्मन विनोद," मी म्हणायचे.
तो डबा कानाशी नेऊन हलवायचा.

एगॉन व्हिटरमान. एकूण अकरा सिनेमे.
पहिला एका पोस्टमनचा,
जो कुत्र्यांना नाही, विधवांना घाबरतो.
दुसऱ्यात लग्नाचा केक तीन शहरं हिंडतो,
नवरीचं घर सोडून सगळीकडे पोचतो.
तिसरा पडला. चौथा पडलाच.
मग टीव्ही: एकशे चार भाग, एक जिना,
त्यावरून तोच जाडा इन्स्पेक्टर
दर बुधवारी घसरायचा, सव्वाआठला.
समीक्षक म्हणाले, संपला हा.
लोक म्हणाले, पुढच्या बुधवारी काय?

विश्रामबागेतल्या शाळेचा हॉल,
शेवटची रांग, प्रोजेक्टरची धग,
हातात माइक, मांडीवर वही.
तिकडे वाक्य पडायचं,
इकडे मी ते उचलायचे, झटकायचे, पुढे सरकवायचे.
हशा दोन सेकंद उशिरा यायचा.
तोवर पडद्यावर कुणीतरी रडायला लागलेलं असायचं.
हळदीचे दलाल, पिवळ्या नखांचे,
एका मयताला खदखदून हसलेत,
माझ्यामुळे.

जर्मनमध्ये बोका आणि दारूनंतरची सकाळ
यांना एकच शब्द.
सातव्या सिनेमात अख्खा प्रसंग त्यावर.
तीन रात्री जागले, मग त्या पोराच्या तोंडी घातलं,
"डोक्यात मिल चालू आहे माझ्या, तिन्ही पाळ्या."
हॉल कोसळला.
नंतर चपला शोधताना भूपाल आवटी जवळ आले,
साच्यावर बावीस वर्षं, आता घरी.
"चालू आहे म्हणालात बाई,
बरं वाटलं."

मी व्हिटरमानला लिहून कळवलं, माफी मागितली.
सात महिन्यांनी कार्ड आलं:
"बोका तसाही इकडे कुणाला आवडला नव्हता."

पुढे त्यानं बँकेच्या जाहिराती केल्या, कुत्र्याच्या खाण्याच्या केल्या.
म्हातारपणी कसलासा पुरस्कार मिळाला,
घ्यायला जाताना स्टेजच्या पायरीवर पडला.
सगळे उभे राहून टाळ्या वाजवत राहिले.
मांडीचं हाड मोडलं होतं.

वही महापुरात गेली.
तो गेल्याचं मला तीन आठवड्यांनी कळलं,
ते पण रद्दी बांधताना.
रडू आलं नाही. गाठ मारली, वजन केलं.

काल मात्र दाताच्या डॉक्टरकडे,
तोंड उघडं, आत आरसा, कापूस, नळी,
आणि इन्स्पेक्टर घसरला.
भाग एकोणचाळीस, हातात अंड्यांचा ट्रे.
तीस वर्षांपूर्वी मी तो शब्दन् शब्द सांगितला होता,
हसायला फुरसत कुठे होती?
खुर्ची गदगदा हलायला लागली.
डॉक्टरनं हात काढला, घाबरून विचारलं, "दुखलं?"

मी बोट वर केलं.
थांबा. सांगते.