डबा नंबर ४१७

डब्यावर लिहिलंय: दूध संघ, उद्घाटन.
आत दूध नाही.
आत नंदुरबारच्या मिरचीच्या पथारी,
कॅमेरा पोचला तिथवर,
आणि सगळी मिरची राखाडी.

झाकण गंजून बसलेलं. चार आण्याच्या नाण्यानं
कडेकडेनं उचकटलं, तर सिरक्याचा वास
भस्सकन अंगावर आला.
असा वास आला की समजायचं, फिल्म मरायला लागली,
हात उचला.
भावसारांच्या बंद स्टुडिओच्या माळ्यावर
बोटभर रुंदीची पट्टी खिडकीसमोर धरून
एकेक चौकट, दुपार कलेपर्यंत.

नचिकेतला अकरा सेकंद हवे होते.
"मजूर बायका, दुःख वगैरे," तो फोनवर म्हणाला,
"आणि रंग भरता येईल ना? लाल?"
सापडले. सात बायका, तोंडाला फडकी,
पदरानं डोळे पुसताहेत,
एकीचे खांदे गदगदताहेत.
आवाज नाहीच.
मी तक्त्यात लिहिलं: रडणाऱ्या स्त्रिया. स्थिती उत्तम.
स्थिती म्हणजे फिल्मची.

चेहऱ्यांना नावं शोधायची, तेही माझंच काम,
त्याचे पैसे वेगळे मिळत नाहीत.
ठगुबाई वाडिलेंच्या अंगणात
लॅपटॉप पोत्यावर ठेवला.
चष्मा सापडेस्तोवर बॅटरी नऊ टक्क्यांवर.
बघितलं. म्हणाल्या, "आखो लाय."
पुन्हा लावलं.
"हाई मी शे.
रडी नई ऱ्हायनी व्हती व माय, हासी ऱ्हायनी व्हती."

कॅमेरा आला म्हणून ऐटीत उभा राहिलेला मुकादम
सणसणीत शिंकला,
टोपी उडून मिरचीत.
"आठे," म्हणत त्यांनी बोट ठेवलं
पडद्याच्या डावीकडे, नुसत्या प्लास्टिकवर,
जिथं चित्र नाही.
मग हसल्या, हसता हसता ठसका,
डोळ्याला पदर.
तेच खांदे.

नचिकेतला कळवलं.
"फिल्म लॉक झाली गं. सारंगीपण बसवलीय."
रंग भरला नाही, बजेट संपलं होतं.

तक्ता माझ्याकडे असतो.
त्यात खोडायचं नसतं, जुनी नोंद तशीच ठेवून
खाली लाल शाईनं लिहायचं.
लिहिलं:
हसणाऱ्या. मिरचीचा ठसका.
डावीकडून तिसरी, ठगुबाई वाडिले.
मुकादम चौकटीबाहेर, नाव आठवत नाही.
टोपी पांढरी होती म्हणे,
त्या दिवसापुरती तरी.