उजव्या बाहीचं अस्तर

छत्री मिटलेली, टोकाला पिवळा रुमाल.
हाच आपला झेंडा. चुकलात तर ह्याला शोधा,
मला नको, माझा चेहरा गर्दीत विरघळतो.
मी होनामी. तुम्ही सात जण.
तीन तास चालायचंय. पाणी पिऊन घ्या.

ही हाराजुकुची ताकेशिता गल्ली. क्रेप खायचा तर आत्ताच,
अकरानंतर रांगेचं शेपूट सापडत नाही.
फोटो विचारून काढायचे.
ऑगस्टच्या काहिलीत लेसचे आठ थर घालून
ज्या घामाचा टिपूस दिसू देत नाहीत,
त्या मुलींना आधी विचारायचं.
नाही म्हणाल्या तर मान झुकवायची, पुढे.

आणि हा मोठा रस्ता. एके काळी रविवारी
इथे गाड्या बंद असत. पोरं जनरेटर ढकलत आणायची,
एकाला लागून एक, एवढे बॅण्ड,
कुणाचंच गाणं कुणाला धड ऐकू यायचं नाही
आणि कुणाचं काही अडायचं नाही.
मग गाड्या सुरू झाल्या.
(एवढंच सांगते.
सिग्नल हिरवा होईपर्यंत एवढंच बसतं.)

आता जरा हळू. ह्या गल्लीखाली नदी आहे.
खरंच. झाकली, वर दुकानं आली.
म्हणून रस्ता असा वळणं घेत जातो,
पाण्याची सवय अजून मोडली नाही त्याची.
साल्व्हादोरहून आलेले आजोबा वाकून
फरशीला कान लावतात. ऐकू काहीच येत नाही.
उठून म्हणतात, आहे.

शिमोकिताझावा. दोन स्टेशनं गाडीने, ते चालण्यात धरू नका.
इथे जुने कपडे. वीस मिनिटं मोकळे.

तिसऱ्या दुकानात आर्हूसचा स्वेन्निंग
हँगरवरून एक जॅकेट काढतो आणि मला हाक मारतो,
चिठ्ठीवर काय लिहिलंय?
मी चाळिशी लावते.
नव्वदचं दशक. हाताने शिवलेलं.
शिवणारा अज्ञात. अठ्ठावीस हजार येन.

तो उजवी बाही उलटी करतो.
आत निळं सुती अस्तर, त्यावर एक पांढरं अक्षर,
अर्धं शिवणीत गेलेलं.
हे काय?
गरम पाणी, मी सांगते.
न्हाणीघराच्या दारावरच्या पडद्यावर असतं.
कुणीतरी जुना पडदा कापला असेल.

(मावशीने दिला होता, न्हाणीघर बंद झालं त्या आठवड्यात.
मी एकोणीस. कात्री बोथट, धावदोरा वाकडा,
तोच वाकडा इथे, बोटाखाली.
नोकरीच्या मुलाखतीआधी विकलं. तीन हजार आले.
त्यातून काळे बूट घेतले. बूट चावायचे.)

तो जॅकेट चढवतो. बाह्या आखूड, मनगटं उघडी.
आरशात स्वतःला असा बघतो
जसं मीही एका रविवारी बघितलं होतं,
म्हणजे दुसरंच कुणी आल्यासारखं.
छान दिसतंय का?

अठ्ठावीस हजार माझ्या पाकिटात नाहीत.
असते तरी. आज कामावर आहे मी.
दिसतंय, मी म्हणते.
फक्त डाव्या खिशात नाणी ठेवू नका, तळ नाही त्याला.
तुम्हाला कसं कळलं?
तेव्हा सगळ्यांचेच खिसे तसे होते.

तो पैसे मोजतो. बाई पिशवी पुढे करते,
तो नको म्हणतो, घालूनच निघतो.

बाहेर येऊन मी रुमाल उंच धरते, सहा डोकी मोजते.
सातवा पुढे गेलाय, लांब ढांगा टाकत,
आणि उरलेले सहा, आजोबासुद्धा,
झेंडा सोडून त्या पाठीमागे निघालेत.

इथे पूर्वी रेल्वेचं फाटक होतं, मी मागून ओरडते,
घंटा वाजली की सगळं शिमोकिता थांबायचं.
कुणी थांबत नाही.
डावीकडे, मी म्हणते. स्वेन्निंग, डावीकडे.
तो उजवीकडे वळतो. तिकडे काही नाही,
एक न्हावी, एक बंद थिएटर, सायकली.
आणि मीही वळते.