पोचा

तांबट आळीच्या वळणावर,
पिठाच्या गिरणीच्या थोडं अलीकडे,
काळाला पोचा पडला आहे.

कधी पडला, विचारू नये.
विचारलंच तर गिरणीवाला म्हणतो,
"उद्या. बहुतेक दुपारी."

आधी कुणाच्या ध्यानात आलं नाही.
पिंपळगावचा टेम्पो द्राक्षं घेऊन वळणात शिरला
आणि बाहेर आला तेव्हा क्रेटांत बेदाणे होते.
ड्रायव्हरच्या हातात तोच अर्धा वडा,
अजून गरम.
मग शिंप्यांचा मोरेश्वर, चौथीतला,
घरून वेळेवर निघाला, शाळेत पोचला तो
मिसरूड फुटलेला, दप्तराचे पट्टे खांद्यात रुतलेले.
गुरुजींनी उशिराबद्दल अंगठे धरायला लावले.
धरले त्यानं. वाकता येत नव्हतं नीट.

महापालिकेनं पाटी लावली:
पुढे पोचा आहे, सावकाश जा.
लावणारे शिडी तिथंच विसरले.
शिडी गंजली आहे,
एकाच बाजूनं.

पोचा काढणं तांबटाचं काम,
म्हणून केरूतात्यांना बोलावलं.
भांडी बाजारातले घागरींचे, बंबांचे, देवळातल्या हंड्यांचे
पोचे त्यांच्याच हातचे निघालेले.
ते बघत नाहीत कधी, चाचपतात.
हवेवर बोटांची पेरं फिरवली, म्हणाले,
"बाहेरून बसलाय. आतून मारावा लागेल."

मी त्यांचा भाता ओढायची. तेरा वर्षांची होते.
खरवई, मोगरी, भाकरी घेऊन तात्या आत उतरले,
कमरेला दोर,
दोराचं दुसरं टोक माझ्या डाव्या मनगटाला.

पहिला ठोका पडला
आणि आळीतल्या सगळ्या घड्याळांनी एकच ठोका दिला.
दुसऱ्याला गोदावरी चढली, दुतोंड्या मारुतीच्या कमरेपर्यंत,
आणि उतरली. पायऱ्या कोरड्याच.
फक्त माशांना कळेना कुठं जावं.
तिसऱ्याला युनूस कल्हईवाला दिसला,
मी जन्मायच्या आधीच आळी सोडून गेलेला,
पातेल्यात दोन्ही पाय घालून गरगर फिरत होता.
माझ्याकडे बघून हसला, म्हणाला, "मोठी झालीस!"

चौथा ठोका पडला नाही.

दोर ताणून मी आत डोकावले.
नळावर ताराक्का. पदर खोचलेला, कळशी अर्धी भरलेली,
मान वळवून म्हणत होती,
"अहो, येताना..."

एवढंच.
त्या दिवशी तात्या एवढंच ऐकून सायकलवर बसले होते.
परत आले तेव्हा घरापुढे माणसं जमली होती.
बावीस वर्षं त्यांना ठाऊक नव्हतं,
येताना काय.

मोगरी वर उचललेली.
ती खाली आली असती तर काळ सपाट झाला असता,
रस्ता नीट झाला असता, टेम्पो सुटले असते.
"अहो, येताना..."
कळशी भरत नव्हती, सांडतही नव्हती.

तात्या बाहेर आले. म्हणाले, "निघत नाही."
साठ वर्षांत पहिल्यांदा म्हणाले.
मी मोगरीकडे पाहिलं, त्यांनी माझ्याकडे.
नंतर दोन दिवस बसून त्यांनी पोच्याची कड तेवढी मठारली,
जाणाऱ्यायेणाऱ्याला लागू नये म्हणून.
अजून हात फिरवला तर माशाच्या खवल्यांसारखी लागते.

आता ते रोज दुपारी जातात, पिशवी घेऊन.
कधी चिंच नेतात, कधी काळ्या दोऱ्याचं रीळ,
एकदा खोकल्याचं औषध, एकदा नुसतीच सुटी नाणी.
संध्याकाळी परत येतात,
पिशवी तशीच.
"हे नव्हतं," म्हणतात,
आणि उद्याचं काय ते मला विचारतात.
मी सांगते काहीबाही. परवा म्हटलं, सुई.

माझा डावा हात उजव्यापेक्षा पुष्कळ म्हातारा आहे.
बांगड्या भरणारी कासारीण
दोन मापं काढते.
काही विचारत नाही.
म्हाताऱ्या हाताला जरा हळू दाबते.