राष्ट्रीयत्वाचा रकाना

आयुक्तालयासमोरच्या गल्लीत माझं झेरॉक्सचं दुकान.
लॅमिनेशन, पासपोर्ट फोटो, भाडेकरार,
परदेशी लोकांचे फॉर्म भरून मिळतील, पन्नास रुपये.

ती दर सहा महिन्यांनी येते
विश्रांतवाडीहून.
नॉ एह पॉ.
पहिल्या खेपेला 'नॉ' हेच मी नाव धरलं.
हसली. म्हणाली, नॉ म्हणजे बाई.
आईही नॉ, बहीणही नॉ,
असं लिहिलंत तर आम्ही सगळ्या एकच होऊ.
खाडाखोड आत चालत नाही.
नवा फॉर्म घेतला. त्याचे पैसे लावले नाहीत.

पत्ता, कायमचा.
इथे दर वेळी अडतं.
गाव सालवीनच्या काठी होतं. जाळलं
तेव्हा ही आईच्या पाठीवर.
मग सरहद्दीपलीकडची छावणी,
बांबूच्या भिंती, पानांचं छप्पर, तीस वर्षं.
सिमेंटला मनाई आहे तिथे,
सिमेंट लावलं की माणूस राहतो म्हणे.
मी पेन धरून बसतो
आणि दोघंही पंख्याकडे बघतो.

राष्ट्रीयत्व.
पासपोर्टावर ज्या देशाचं नाव
त्याच देशाच्या वर्दीने काडी लावली होती.
मागच्या खेपेला तिने पेन मागून घेतलं.
बसच्या पाट्यांवरून देवनागरी शिकलीय.
सावकाश लिहिलं,
मात्रा जरा बाजूला गेलेली:
करेन.

मी सवयीने वाचलं, काय करेन?
अहो, आमच्यात हे क्रियापद आहे.
मी करेन. पुढे कधीतरी. म्हणजे...
आणि समजावता समजावता माझीच जीभ अडली.

ती म्हणाली, हे नाव दुसऱ्यांनी ठेवलेलं.
आमच्या भाषेत आम्ही नुसतीच माणसं.
पण तुमचा अर्थ बरा आहे.
राहू दे.

खिडकीतल्या साहेबांनी फुली मारली.
असा देश यादीत नाही.
तिने त्यांना हवं ते लिहून दिलं,
शिक्का घेतला, सहा महिने.
फुलीवाला कागद माझ्या गल्ल्यात आहे,
नोटांच्या खाली.

काल आली ती फॉर्मसाठी नाही.
हाताने काढलेली मुळाक्षरं, गोल गोल,
ओल्या वाळूत बोटं फिरवल्यासारखी.
रविवारी एका गॅरेजात सहा मुलं शिकतात, म्हणाली.
सात कॉप्या. एक आईला.
आई छावणीच्या शाळेत अजून हीच शिकवते,
त्यांचीच शाळा, त्यांचंच पुस्तक,
कोणाला न विचारता.

सात मोजून दिल्या. सुट्टे नव्हते, राहू दे म्हटलं.
ती गेल्यावर झाकण उचललं तर
काचेवर कागद तसाच.
सगळ्यांचाच राहतो.
शटर अर्धं ओढलं,
चौकात बस सुटायच्या बेतात,
आणि मी, या वयात, धावतोय ओरडत,
बाई, ओरिजिनल!
ओरिजिनल राहिली!