तिसरी पायरी

नोव्हेंबर संपता संपता
थंडर बेच्या हार्डवेअरच्या दुकानात
औने लेहतोला पोत्यांसमोर उभी.
चष्मा कपाळावर सारून बारीक अक्षरं वाचते,
औषधाच्या बाटलीवरची वाचावीत तशी.

साधं मीठ स्वस्त, पण कडाका पडला की झोपून जातं.
कॅल्शियमवालं उणे पंचविसातही बर्फ फोडतं,
आणि मग कुत्र्याच्या पंज्यांनाही सोडत नाही.
युरिया? "तो शेतात," रायमो गल्ल्यावरून ओरडतो.
तळाच्या फळीवर एकच पोतं,
अॅसिटेट का कायसं,
तिप्पट किंमत.
"हे फरशीला फारसं लागत नाही.
पण उणे सातच्या खाली यालाही थंडी वाजते."

ती वाळूच घेते.
वाळू काही वितळवत नाही,
नुसती पाय धरून ठेवते.

चार पायऱ्या तिनं सप्टेंबरात स्वतः ओतल्या होत्या.
नव्या काँक्रीटचा पहिला हिवाळा
ओल्या बाळंतिणीसारखा जपायचा,
हे ती बावीस वर्षं गिऱ्हाइकांना सांगत आलीय.
बर्फाचं पाणी होतं, पाणी छिद्रांत शिरतं,
रात्री पुन्हा गोठून फुगतं
आणि आतून कातडी उचकटतं.
माणूस खाल्ल्या मिठाला जागतो.
काँक्रीट जागत नाही,
सोलपटतं.

जानेवारीत हिल्याचा पाय घसरला.
वय ब्याऐंशी. मनगट काळंनिळं, बाकी काही नाही.
औने तेव्हा कामावर.
वॉकरसकट तिला सावरलं रोवेनानं,
सकाळी साडेसहाला येणाऱ्या नर्सनं.

त्याबद्दल दोघीही काही बोलल्या नाहीत.

एप्रिलमध्ये बर्फ गेला आणि पायऱ्या उघड्या पडल्या.
खडी दिसत होती,
पापुद्रे झाडूला लागत होते.
औने मटकन उकिडवी बसली,
बोट फिरवत, ओठ आवळून.

मग तिला दिसलं,
झीज सगळीकडे सारखी नव्हती.
पहिल्या पायरीवर जेमतेम.
दुसरीवर एक पुसटसा पंखा.
तिसरीवर डावीकडे, आई कठडा धरते तिथे,
मूठ-मूठ-मूठ,
कुणी पायरीची दृष्ट काढावी तसं.

बसथांब्याजवळची पिवळी पेटी,
कोटाचा खिसा,
अंधारातली साडेसहाची वेळ.
औनेनं हिशेब जुळवला
आणि झाडू भिंतीला टेकवला.

मे महिन्यात तीन पायऱ्या दुरुस्त झाल्या.
तिसरी राहिली.
वेळ झाला नाही, म्हणते.

यंदा तळाच्या फळीवरचं पोतं घरी आलं,
आणि उणे वीससाठी वाळूची बादली.
रोवेनाच्या हातात तिनं मापाचा कप दिला:
"मुठीनं नको. यानं."
रोवेनानं वास घेतला, हसली,
"व्हिनेगर! आमच्या अडोबोसारखं."

कप भरून पहिली पायरी.
कप भरून दुसरी.
तिसरीपाशी तिनं मागे वळून पाहिलं,
खिडकीत कुणी नाही असं बघून
कप खिशात टाकला.

खिडकीत औने होती,
पडद्यामागे,
कॉफी गार होईस्तोवर.