अरमान साहेबांचे संवाद

पेट्या मनमाडहून यायच्या, छोट्या लाइनीच्या गाडीनं,
वर्षातनं दोनदा,
गार्डाच्या डब्यात, कोंबड्यांच्या खुराड्याला टेकून.
झाकणावर नाव: आर्मां केरव्हिन.
पोस्टर रंगवणाऱ्या हबीबनं ते दोनदा ओठांत घोळवलं
आणि सरळ लिहून टाकलं: अरमान.
तेव्हापासून जालन्यात ते अरमान साहेब.

सोसायटीचे आम्ही एकोणीस सभासद.
रविवारी सकाळी नऊला नीलम टॉकीज,
भाडं साठ रुपये, कार्बनच्या कांड्यांचे वेगळे.
माइक माझ्याकडे.
मी बियाण्याच्या गोदामात मोजणी कारकून,
फ्रेंच मला सरकीला येईल तेवढंच.
पण पुण्याहून पेटीत एक टाइप केलेलं पान यायचं,
त्यात गोष्ट, बारा ओळींत.
उरलेले दोन तास मी.

त्या पानांच्या पाठीमागे साहेबांचा थोडा थोडा वृत्तांत असे,
आणि पेट्या आल्या उलट्या:
आधी म्हातारपणचा सिनेमा, मग मधला,
तरुणपणचा सगळ्यात शेवटी.
म्हणजे आम्ही त्यांना आधी काठी टेकताना ओळखलं,
मग बायको घर सोडून गेली,
मग तिच्याशी लग्न झालं.
मध्ये नऊ वर्षं कुणी पैसा लावेना,
तेव्हा साबणाच्या जाहिराती केल्या.
(हे कळल्यावर गुरांचे डॉक्टर घुले म्हणाले,
चला, माणूस आपल्यातलाच.)
लढाईत डावा कान गेला.
बाप मिठागरात फावडं ओढायचा.

त्या बापावरचा पहिला सिनेमा तिकडे साफ पडला होता.
आमच्याकडे त्याला चौदा माणसं.
एक बाई दारात उभी राहते,
निघालेल्या पोराकडे न बघता काहीतरी बोलते, आखूड.
मी माइकवर म्हणालो,
“जेवून जा. तुझ्या बापानं ताटाला कधी वाट बघायला लावली नाही.”
टेलिफोन एक्स्चेंजच्या इंदुमती बोराडे
पदर तोंडाशी धरून बाहेर गेल्या,
त्या मध्यंतरानंतरच आत आल्या.

परवा भाच्यानं मोबाइलवर तोच सिनेमा लावून दिला.
खाली आता अक्षरं आहेत, मी चष्मा पुसला.
बाई दारात आली.
“दार लाव,” ती म्हणते,
“मीठ ओलं होतंय.”
एवढंच.

मी तिथंच थांबवलं.
स्वयंपाकघरात जाऊन उगीच मिठाची बरणी उघडून पाहिली.
किती वर्षं तिच्या तोंडात मी माझं ताट कोंबून ठेवलं होतं!
आणि तिचं वाक्य बघा,
वर एक अक्षर नाही.

मग म्हातारपणचा शोधला.
त्यात एक तुकडा आहे, सतरा मिनिटांचा,
म्हातारा मीठ गोळा करतो, कुणीच बोलत नाही.
पहिल्याच रविवारी मागून कुणीतरी ओरडलं होतं,
“बोल की भाऊ, कामून गप?”
आणि मी बोलत सुटलो,
मिठावर, समुद्रावर, जो मी पाहिलाही नव्हता.
वरच्या खिडकीतून रहमतुल्ला ऑपरेटर म्हणाला होता,
“उने खुद नै बोलरा, तू कायकू बोलता मियाँ?”
तेव्हा ते मला तिकिटाच्या दरातलं वाटलं नव्हतं.

आता सतरा मिनिटं बसून पाहिली.
एका जागी म्हातारा मान वळवतो, उजवा कान आमच्याकडे करतो,
कुणीतरी हाक मारल्यासारखा.
नंतर पुन्हा फावडं.

काल इंदुमतीबाईंचा फोन आला, संभाजीनगरहून, लेकीकडून.
आवाज थकलाय, पण प्रश्न जुन्या ऑपरेटरचा, थेट.
“ते ताटाचं वाक्य होतं ना,
नातवाला सांगत होते, नाव आठवेना.
कुणाचं हो ते?”

लाइनीवर थोडी खरखर.
“अरमान साहेबांचं,” मी म्हणालो.
“पहिल्या सिनेमातलं.”